बाकी काही म्हणाले?

मॉरिसव्हिल, २ फेब्रुवारी २०२५

कुशल,

वर 'सप्रेम जयभीम' लिहावं की नाही यावर पाच मिनिटं गेली. बाबा प्रत्येक पत्रावर लिहायचे, वीज कंपनीला केलेल्या तक्रारीवरसुद्धा. मी लिहिलं तर तुला टोमणा वाटेल. नाही लिहिलं तर मी तुझ्या बाजूनं झाले असं वाटेल. म्हणून नुसतं नाव.

फोन तू उचलत नाहीस. ऑक्टोबरात तू मेसेज केलास, 'ताई, नो मोअर अपडेट्स प्लीज.' कागदाबद्दल काही म्हणाला नव्हतास. ही पळवाट आहे, मला कळतं.

आधी कामाचं लिहिते, ते सोपं आहे. एक फ्रेंच सिनेमा आलाय सबटायटलसाठी. टीव्हीसाठी केलेला, चौऱ्याऐंशी मिनिटांचा. नाव अजून ठरलेलं नाही, फाइलवर नुसता नंबर आहे. त्यात काहीही घडत नाही. एक म्हातारी आई, तिच्याबरोबर राहणारी मुलगी, आणि बऱ्याच वर्षांनी जेवायला आलेला मुलगा. फ्लॅट एक, टेबल एक, दुपार एक. मुलाला काहीतरी सांगायचंय हे पहिल्या दहा मिनिटांत कळतं. पण बोलणं चालतं पावाबद्दल, पार्किंगबद्दल, डिशवॉशर कसा लावायचा याबद्दल. बहीण म्हणते, "चमचे उभे ठेवायचे." भाऊ म्हणतो, "आडवे ठेवले तर काय होतं?" आई म्हणते, "तुझे वडील आडवे ठेवायचे." असा सिनेमा.

तुला वाटायचं मी भाषांतर करते. निम्मं काम कापण्याचं असतं. ओळीत बेचाळीस अक्षरं, एका वेळी दोन ओळी, आणि माणसाचा डोळा सेकंदाला सतरा अक्षरं वाचतो. माणसं त्याहून जास्त बोलतात. मग जे नसलं तरी गोष्ट कळते ते काढायचं. 'बरं', 'मग', 'अगं', 'आणि बाकी?' हे सगळं आधी जातं. वीस वर्षं हेच करतेय, इतकं की आता वाक्य कानावर पडतं ते कापूनच.

ऑक्टोबरात फोनवर तू मला विचारलं होतंस, "सात वर्षांत एकदा तरी माझ्याबद्दल विचारलं का त्यांनी? तूच सांग. निरोप तूच आणायचीस ना?" मी म्हणाले, "बाबा कमी बोलतात, तुला माहितीय." तू हसलास आणि फोन ठेवलास.

त्या उत्तराबद्दल लिहायला बसले होते. आज जमत नाही.

गेल्या ऑक्टोबरात नागपूरहून माझ्याकडे राहायला आल्यापासून बाबा बरे आहेत. थंडीनं जरा मंदावलेत.

(शेवटची ओळ खोडली होती, मग पुन्हा लिहिली. या पत्रांत काही खोडायचं नाही असं ठरवलंय.)

तुझी,
ताई


मॉरिसव्हिल, १६ फेब्रुवारी

कुशल,

बाबा मंदावलेले नाहीत. अकरा जानेवारीला त्यांना स्ट्रोक झाला. मागच्या पत्रात लिहिलं नाही, कारण तुला 'अपडेट्स' नको होते, असं मी स्वतःला सांगितलं. खरं कारण वेगळं आहे. स्ट्रोकचं लिहिलं असतं तर पुढचंही लिहावं लागलं असतं.

उजवा हात गेला. वाचाही गेली, पण सगळी नाही. हॉस्पिटलमधल्या स्पीच थेरपिस्टनं समजावून सांगितलं की वाक्य जुळवायची जागा मेंदूत एक, आणि रोजच्या सवयीचे बोल साठवायची जागा दुसरी. पहिली गेली तरी दुसरी कधीकधी शाबूत राहते. बाबांचं तसंच झालंय. त्यांना 'पाणी' म्हणता येत नाही. माझं नाव घेता येत नाही. उरलंय ते एवढंच: "हं." "बरं बरं." "हो का?" "मग?" आणि "जेवला का?"

एवढ्यावर ते दिवसभर बोलतात आणि गंमत म्हणजे चांगलं बोलतात. इला शाळेतून आली की ती तिच्या केमिस्ट्रीच्या टीचरची चुगली इंग्लिशमधून करते. बाबा म्हणतात, "हो का?" ती म्हणते, "येस! अँड देन शी गेव्ह मी अ झीरो!" बाबा म्हणतात, "बरं बरं." इला म्हणते, "नॉट बरं, आबा!" आणि दोघं हसतात. पंधरा वर्षांची पोरगी, आजोबांशी याआधी इतकं कधी बोलली नव्हती.

बाबांचा बेड लिव्हिंग रूममध्ये लावलाय, माझं टेबल शेजारी. त्यामुळे तो सिनेमा ते माझ्याबरोबर बघतात. फ्रेंच येत नाही, पण पडद्यावरची आई काही बोलून थांबली की हे म्हणतात, "मग?" थांबण्याची जागा अचूक ओळखतात. परवा इलानं दारातूनच ओरडून सांगितलं, "मॉम, ही इज टॉकिंग टू द फ्रेंच पीपल!"

सिनेमाच्या शेवटी मुलगा निघतो. जे सांगायला आला होता ते त्यानं सांगितलेलं नाही. तो जिन्यात असताना म्हातारी दारात येते आणि विचारते, "जेवलास का?" तासाभरापूर्वी तिच्याच टेबलावर जेवलाय तो. तो वर बघतो आणि म्हणतो, "हो." संपलं.

मी पहिल्या खेपेला ती ओळ कापली होती. दाराचा आवाज वर येतो, मागच्या वाक्याला वेळ हवा होता, आणि जेवलाय हे प्रेक्षकानं पाहिलेलंच आहे. माहितीच्या दृष्टीनं ओळ रिकामी. कापली, पुढे गेले, आणि मग तपासायला शेवट पुन्हा लावला. पडद्यावर म्हातारीचे ओठ हलत होते, खाली काहीच लिहिलेलं नव्हतं, आणि माझ्या मागून बाबा म्हणाले, "जेवला का?"

योगायोग होता. ते दर पाच मिनिटांनी म्हणतात. त्यात अर्थ शोधायचा नाही हे मी स्वतःला तेव्हाही बजावलं. पण मी हेडफोन काढून ठेवला आणि त्या दिवशी पुढे काम झालं नाही.

जे लिहायचंय ते पुढच्या पत्रात लिहीन. हे मी तुला वचन म्हणून लिहीत नाही. पत्र टाकल्यावर मला मागे फिरता येऊ नये म्हणून लिहितेय.

ताई


मॉरिसव्हिल, २ मार्च

कुशल,

हे पत्र ओव्हरनाइट पाठवतेय. सोमवारी बाबांना दुसरा स्ट्रोक झाला. आता इलाज थांबवून घरीच हॉस्पिसची सोय केली आहे. नर्स म्हणते, दोन आठवडे, कदाचित तीन. अजून ऐकू येतं, माणसं ओळखतात असं मला वाटतं. बोल तेवढेच आहेत, आवाज लहान झालाय.

आता ते दुसरं.

तुझ्या न्यू जर्सीतल्या घराच्या पार्टीपासून सुरू करते, म्हणजे मी कुठून कुठे आले ते दिसेल. सप्टेंबर २०१७. बाबासाहेबांचा फोटो बाबांनी नागपूरहून टॉवेलात गुंडाळून, मांडीवर ठेवून आणला होता. तू तो हॉलमध्ये लावलास, स्वतः खिळा ठोकलास. आणि शनिवारी सकाळी म्हणालास, "बाबा, आज ऑफिसची मंडळी येतायत. एक दिवस आतल्या खोलीत ठेवू या?" तू रागानं म्हणाला नव्हतास. मी तिथेच होते, पोहे परतत होते. बाबा म्हणाले, "ठेव न." स्वतः खुर्चीवर चढून काढला. संध्याकाळी तुझ्या मॅनेजरनं, त्या पुण्याच्या काकांनी, विचारलं, "नागपूरकडचे म्हणजे नक्की कुठले हो तुम्ही?" आणि तू बाबांच्या आधी उत्तर दिलंस, "अहो काका, ऑरेंज सिटीचे!" सगळे हसले. बाबाही हसले. तिसऱ्या दिवशी फोटो पुन्हा टॉवेलात गेला, आणि बाबा आधी माझ्याकडे आले, मग नागपूरला गेले.

तुझी भीती मला कळत होती. मला इथे आडनाव लपवावं लागत नाही, कारण मला कोणी विचारतच नाही. घरी बसून काम करणाऱ्या बाईला धीट असणं सोपं असतं.

त्यानंतर तुम्ही दोघं बोलला नाहीत, आणि माझ्यामार्फत बोलायला लागलात. दर रविवारी सकाळी नऊला मी नागपूरला फोन करायचे, तिथे संध्याकाळ असायची. बाबा बोलायचे. तू म्हणतोस कमी बोलतात. मीच तसं म्हणाले होते. कुशल, ते चाळीस-चाळीस मिनिटं बोलायचे. "काय करून राहिला कुशल? तिकडे बर्फ पडून राहिला असंन. गाडी हळू चालव म्हणा त्याले. आंब्याचं लोणचं संपलं असंन त्याचं. विचारजो." मग बीपीच्या गोळ्या, मग शेजारच्या नळाचं भांडण, मग पुन्हा, "आन् जेवला का म्हणा."

फोन झाल्यावर मी तुला मेसेज करायचे: 'बाबा ठीक. बीपीची गोळी बदलली.'

तू विचारायचास, 'बाकी काही म्हणाले?'

मी लिहायचे, 'विशेष काही नाही.'

तू हे दर वेळी विचारायचास. कितीतरी वर्षं. मधे कधीतरी विचारणं बंद केलंस, आणि मी ते बंद झाल्याचं नोंदवलंसुद्धा नाही.

मी खोटं बोलत नव्हते, असं मला वाटायचं. बर्फ, गाडी, लोणचं, जेवण: यात बातमी कुठे होती? गोळी बदलली ही बातमी. बाकीचं मी वाचणाऱ्याचा वेळ वाचवण्यासाठी काढत होते. जे माणूस दर रविवारी म्हणतं त्यात नवीन काही नसतं, असा माझ्या धंद्याचा नियम आहे.

म्हणजे तुझ्या प्रश्नाचं उत्तर: हो. विचारलं. प्रत्येक रविवारी.

बाबांनी तीस वर्षं रेल्वे मेलच्या डब्यात उभं राहून लोकांची पत्रं खणांत लावली. कोणाचं काय लिहिलंय त्यांना माहीत नसायचं, पण पाकीट जसं आलं तसं पुढे जायचं. त्यांची मुलगी मी.

फोन कर. माझ्याशी बोलू नकोस. मी फोन त्यांच्या उशीजवळ ठेवीन आणि बाजूला होईन. सकाळी दहा ते बारा ते सगळ्यात जागे असतात.

ताई


मॉरिसव्हिल, १६ मार्च

कुशल,

तू फोन केलास. मागच्या रविवारी, दहा वाजून वीस मिनिटांनी. तू काय ऐकलंस ते तुला माहीत आहे. खोलीत काय होतं ते तुला दिसलं नाही, ते लिहिते.

इलानं त्यांची दाढी केली होती. हनुवटीला थोडं कापलं होतं, तिथे टिश्यूचा तुकडा चिकटवलेला. मी फोन स्पीकरवर टाकून उशीवर ठेवला आणि स्वयंपाकघराच्या दारात जाऊन उभी राहिले. बाजूला होईन म्हणाले होते, झाले नाही.

तू म्हणालास, "बाबा?"

त्यांनी फोनकडे पाहिलं नाही, छताकडे पाहिलं. "हं."

"बाबा, मी कुशल."

"बरं बरं."

मला तुझा श्वास ऐकू येत होता. मग तू म्हणालास, "इकडे थंडी आहे अजून. काल थोडा बर्फ पडला." मला वाटलं तू माझं पत्र वाचून बर्फाचं बोलतोयस, त्यांना त्यांचा प्रश्न परत देतोयस. बाबा म्हणाले, "हो का?"

"हो. गाडी हळूच चालवतो मी."

"मग?"

"मग काही नाही. तुमचं कसं आहे?"

आणि ते म्हणाले, "जेवला का?"

तेव्हा त्यांचा डावा हात चादरीवर उघडा झाला, पंजा वर करून, कोणी काही ठेवावं तसा. हे तुला दिसलं नाही. मी सांगते म्हणून खरं मान असं म्हणण्याचा हक्क मला नाही, पण झालं.

तू रडत होतास. "हो बाबा," म्हणालास. "जेवलो. जेवलो."

नेमक्या त्या वेळी दार वाजलं आणि हॉस्पिसची नर्स आत आली, शॅरन. साठीची बाई आहे, मोठ्या आवाजाची. आल्याबरोबर म्हणाली, "गुड मॉर्निंग, मिस्टर ज्ञानदेव!" आणि बाबा तिच्याकडे वळले आणि म्हणाले, "जेवला का?" त्याच आवाजात. इलानं तिला उत्तर शिकवून ठेवलंय. ती नेहमीप्रमाणे ओरडून म्हणाली, "जेवली! जेवली!" आणि मोठ्यानं हसली.

फोनमधून तू म्हणालास, "कोण आहे?"

मी जवळ गेले. "नर्स आलीये."

"तिलाही विचारतात?"

कुशल, माझ्याकडे दोन सेकंद होते. दोन सेकंदांत चौतीस अक्षरं मावतात. 'नाही रे, तिला नाही, तुलाच म्हणाले' एवढं सहज बसलं असतं. तुला ते ऐकायचं होतं, आणि बाबांचंही काही गेलं नसतं.

मी म्हणाले, "हो. सगळ्यांनाच विचारतात. टीव्हीलाही."

तू म्हणालास, "ओके. थँक यू फॉर बीइंग ऑनेस्ट, ताई." मग फोन बंद झाला.

गेला आठवडाभर मी हेच तपासतेय. सात वर्षं जे त्यांनी फक्त तुझ्यासाठी म्हटलं होतं, ते मी कापलं. आणि जे ते आता कोणालाही म्हणतात, ते तेवढं तुझ्यापर्यंत पोचू दिलं, आणि वर ते कोणालाही म्हणतात हेही सांगितलं. खरं बोलायला मी नेमका तोच क्षण निवडला. मला प्रामाणिक राहायचं होतं, की आता तरी मी प्रामाणिक आहे हे तुला दाखवायचं होतं? पहिलं असतं तर ते सात वर्षांपूर्वी असायला हवं होतं.

तू आलास तर इथे जागा आहे. आठ तासांचा रस्ता आहे. ते आता दिवसातून तासभर जागे असतात.

मी परत फोन करायला सांगणार नाही.

ताई


मॉरिसव्हिल, ६ एप्रिल

कुशल,

तू शनिवारी आलास आणि शनिवारीच गेलास. अंत्यविधीत शेवटच्या रांगेत बसलास. त्रिशरण म्हणताना तुझे ओठ हलताना मी पाहिले. पाठ आहे तुला अजून. विहारातली मंडळी विचारत होती, "मुलगा कोणता?" मी बोट दाखवलं.

नंतर पार्किंगमध्ये आपण बोललो ते मी घरी येऊन वहीत उतरवलं. सवयच आहे. वाचून बघितलं तर तो फ्रेंच सिनेमा होता.

"कधी निघालास?"

"चारला."

"ट्रॅफिक लागलं?"

"रिचमंडपाशी थोडं."

"गाडी नवी घेतलीस?"

"रेंटल आहे. माझी सर्व्हिसिंगला दिलीय."

"बरं."

इला म्हणाली, "मामा, यू वाँट सम कॉफी?" तू म्हणालास, "आय ॲम गुड, बेटा."

मग मी विचारलं, "काही खाल्लंस का?"

तू माझ्याकडे पाहिलंस. "आता तू सुरू नको होऊस, ताई," म्हणालास. आणि गाडीत बसलास. सीटबेल्ट लावलास, काच खाली केलीस, आणि समोर बघत म्हणालास, "तुझी पत्रं वाचली मी. पण आता तू काहीही लिहू शकतेस ना? ते गेले. 'दर रविवारी विचारायचे' म्हणजे मला बरं वाटावं म्हणून लिहिलेलं नाही कशावरून?"

उत्तर होतं, ते द्यायला मी घाबरले. आता देते.

या पाकिटात वह्या आहेत, सात. मी रोज लिहिते हे तुला माहीत आहे. लहानपणी तू माझी वही चोरून वाचायचास आणि बाबांकडून मार खायचास. बाबांशी झालेलं रविवारचं बोलणं मी फोन ठेवल्याबरोबर शब्दाला शब्द उतरवायचे. का, ते तेव्हा कळत नव्हतं. जे पुढे पाठवायचं नव्हतं ते मी फेकतही नव्हते. शाई बघ, वेगवेगळी आहे. मधे चहाचे डाग आहेत, इलाच्या लहानपणच्या रेघोट्या आहेत. हे सगळं एका आठवड्यात बनवता येत नाही. तू इंजिनियर आहेस, तुला पुरावा लागतो. हा आहे.

तुझ्या वाढदिवसाचं पान बघ, २ डिसेंबर २०१८: "आज छत्तीस पुरे झाले न त्याले? मी खीर केली. बिघडली. तरी खाल्ली." मार्च २०२० ची पानं बघ: "न्यू जर्सीत लय पसरला म्हणते टीव्हीवर. तो बाहेर त नाही जात? कुशलले म्हणा, मी इथं ठीक आहो, माझी चिंता नको करू. तुयी तू पाह्य." त्या रविवारी मी तुला लिहिलं होतं, 'बाबा सुरक्षित. महिनाभराची औषधं आहेत.'

सगळ्या पानांत असं नाही. काही ठिकाणी ते तुझ्यावर चिडलेले आहेत. एका पानावर म्हणालेत, "फोटो मी काढला खुर्चीवर चढून, पण पडलो तो अजून उठलो नाही." तेही आहे. काही काढलेलं नाही.

आता शेवटचं. एका पानाला मी पिवळी चिठ्ठी लावली आहे. ते तू वाचलं नाहीस तर बरं, असं मला आज सकाळपर्यंत वाटत होतं. सकाळी ती वही बाजूला काढून सहाच वह्या पाकिटात भरल्या. मग दुपारी परत उघडून सातवी घातली.

मागे मी लिहिलं की कापण्याची सवय धंद्याची होती. ते अर्धं आहे. तुझ्या त्या पार्टीच्या वर्षीच माझा घटस्फोट झाला होता. रविवारी सकाळी घरात मी एकटी असायचे, इला तिच्या बाबांकडे. नागपूरला एक माणूस माझ्या फोनची वाट बघायचा, आणि न्यू जर्सीला एक माणूस माझ्या मेसेजची. दोघांना एकमेकांची खबर हवी असायची आणि ती फक्त माझ्याकडे असायची. तुम्ही दोघं थेट बोलू लागला असतात तर मला रविवारी कोणी काय विचारलं असतं? हा विचार तेव्हा मनात शब्दांत आला होता का, हे मी खूप वेळा तपासलं. शब्दांत आला नव्हता. पण हाताला माहीत होता.

तू नोकरी बदललीस तेव्हा तुझा नंबर बदलला. नवा नंबर तू मला दिलास आणि म्हणालास, "त्यांना हवा असेल तर दे." तूही त्यांना लावू शकला असतास, हे खरं आहे, पण ते लिहून मी माझं ओझं कमी करत नाहीये.

चिठ्ठी लावलेलं पान इथेही उतरवते, म्हणजे वही तू उघडली नाहीस तरी हे चुकणार नाही.

१७ फेब्रुवारी २०१९, रविवार.

बाबा: त्याचा नवा नंबर आला असंन न तुयाजवळ? दे बरं मले. मीच लावतो. किती दिवस असं.

मी: तो बिझी असतो बाबा, सारखा मीटिंगमध्ये. उचलणार नाही. मी सांगते ना त्याला.

बाबा: मी वही-पेन घेऊन बसलो होतो.

मी: मी सांगते बाबा.

बाबा: बरं बरं. मग तूच विचार. जेवला का म्हणा.

त्याच दिवशी सकाळी दहा वाजून पाच मिनिटांनी मी तुला मेसेज केला, 'बाबा ठीक. थंडी कमी झाली म्हणतात.' तू विचारलंस, 'बाकी काही म्हणाले?' मी काय लिहिलं ते तुझ्या फोनमध्ये असेल. तारीख ताडून बघ.

प्रणिता